मुक्या पडद्यावरील शहर



सायंकाळच्या वेळीं ठाण्याहून कल्याणकडे जाणाऱ्या गाडींत उभें राहून तुम्हीं डब्यांतील मंडळीकडे कधीं लक्षपूर्वक पाहिलें आहे काय? खांद्याला खांदा लागलेला असतो, पण शेजाऱ्याचें नांव कोणास ठाऊक नसतें. तरीही त्या गर्दीचा सारा व्यवहार बिनबोभाट चाललेला असतो. कोणाची पिशवी हातोहात फळीवर जाऊन बसते. दिवा मागें पडलें कीं डोंबिवलीस उतरणारा मनुष्य दाराकडे सरकूं लागतो, पुढच्यास तो फार तर "डोंबिवली?" एवढाच एक शब्द विचारतो, आणि त्याचें उत्तर मानेनें मिळतें. बसलेला एकादा गृहस्थ समोर उभ्या असलेल्या थकलेल्या म्हाताऱ्याकडे पाहतो, नजर खिडकीबाहेर वळवितो, पुन्हां पाहतो आणि अखेर उठून जागा देतो. एवढ्यांत एक लहानशी गोष्ट घडून गेलेली असते, आणि तींत एकही वाक्य नसतें.

अशा गोष्टी सांगाव्या कशा, हा आजच्या पाठाचा विषय आहे. खेडेगांवांत मनुष्याची ओळख बहुधा बोलण्यांतून होते. तो कोणाचा कोण, कोणत्या आळींतला, हें दोन प्रश्नांत कळतें. शहरांत आपण रोज हजारों माणसें पाहतों आणि त्यांपैकीं दहांशींही बोलत नाहीं. त्यांच्याविषयीं जें कांहीं कळतें तें त्यांच्या हातांवरून, चालीवरून, वहाणांवरून आणि थांबण्यावरून कळतें. म्हणून आमचें म्हणणें असें कीं, ज्या कलेस वाचा नव्हती ती मूकपटाची कला शहराच्या गोष्टी सांगण्यास मुळींच अपुरी नव्हती; उलट ती त्या कामास विशेष लायक होती. मात्र ही कला पाहणाऱ्यावर आणि दाखविणाऱ्यावर एक जबाबदारीही टाकते. ती कोणती, हें आम्हांस एका चुकीमुळें कळलें. ती हकीकत यथाक्रम पुढें येईलच.

प्रथम मूकपट म्हणजे काय तें पाहूं. चित्रपटाची फीत म्हणजे एकामागून एक झपाट्यानें घेतलेल्या स्थिर छायाचित्रांची माळ होय. तीं चित्रें त्याच क्रमानें पडद्यावर टाकलीं कीं आपल्या दृष्टीस तीं हलतांना भासतात. मूकपटाच्या काळीं बहुधा क्यामेऱ्याची मूठ हातानें फिरवीत, आणि दर सेकंदास साधारणपणें १६ ते १८ चित्रें घेतलीं जात. पुढें बोलपटांत हा वेग २४ ठरला. जुनी फीत ह्या नव्या वेगानें चालविली कीं तींतील माणसें तुरुतुरु धांवूं लागतात आणि आपणांस हंसूं येतें. तो दोष त्या माणसांचा नव्हे, आपल्या यंत्राच्या वेगाचा आहे, हें लक्षांत ठेवावें.

फितीवर ध्वनि नव्हता, म्हणून आवश्यक तेथें मध्येंच अक्षरांच्या पाट्या दाखवीत. ज्यांस वाचतां येत नसे त्यांच्यासाठीं कोणी तरी त्या मोठ्यानें वाचून दाखवी. पडद्याजवळ बसून पेटी व तबला वाजविणारे असत. प्रेक्षकही गप्प बसत नसत. तेव्हां त्या काळचें चित्रगृह मुकें नव्हतें. मुका होता तो पडदा.

वाचा नसलेल्या ह्या कलेचीं साधनें मुख्यतः तीन. पहिलें साधन निवडीचें: काय जवळून दाखवावें आणि काय दुरून. दुसरें क्रमाचें: कोणत्या चित्रानंतर कोणतें चित्र ठेवावें. तिसरें पाटीचें. उदाहरण घ्या. घड्याळांत आठ वाजून दहा मिनिटें झालीं आहेत; चुलीवरचें दूध उतूं जात आहे; एक हात वहाणेचा बंद ओढीत आहे. हीं तीन चित्रें निरनिराळीं पाहिलीं तर त्यांत विशेष कांहीं नाहीं. तींच एकापुढें एक ठेवलीं कीं डोंबिवलीच्या कोणत्याही चाळींतील सकाळ उभी राहते. येथें पाटीची गरज पडली नाहीं. ज्या मूकपटास पाट्या कमी लागत तो बहुधा अधिक चांगला मानला जाई, आणि त्याचें कारण हेंच.

आतां थोडा इतिहास. मुंबईंत हलतीं चित्रें प्रथम दिसलीं तीं ७ जुलै १८९६ रोजीं, वॉटसन हॉटेलांत. फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंच्या माणसानें हा खेळ केला, आणि त्याचें तिकीट एक रुपया होतें. त्या दिवशींच्या चित्रांत काय काय होतें? स्थानकांत शिरणारी आगगाडी होती, कारखान्यांतून बाहेर पडणारे कामगार होते, पाडली जाणारी भिंत होती. राजा नाहीं, राक्षस नाहीं, युद्ध नाहीं. पडद्यावर प्रथम आलें तें शहराचें रोजचें जिणें.

ह्यांतील आगगाडीचा ठाणेंकरांशीं जवळचा संबंध आहे. ह्या देशांतील पहिली उतारूंची गाडी १६ एप्रिल १८५३ रोजीं बोरीबंदराहून निघाली ती ठाण्यासच आली. अंतर होतें २१ मैल. पुढच्याच वर्षीं, म्हणजे १८५४ सालीं, लोहमार्ग कल्याणपर्यंत पोंचला. वॉटसन हॉटेलांत पडद्यावर गाडी आली तेव्हां ठाण्याच्या लोकांस खरी गाडी पाहून ४३ वर्षें लोटलीं होतीं. मग जी वस्तु फलाटावर रोज फुकट दिसते ती पाहण्यास एक रुपया कां द्यावा? याचें उत्तर असें कीं, फलाटावर आपण गाडी पाहत नाहीं, गाडी पकडतों. पडद्यावरची गाडी पकडावयाची नसते, म्हणून ती प्रथमच दिसते. नेहमींच्या वस्तूभोंवतीं चौकट घातली कीं डोळा थांबतो. ह्या कलेचें पहिलें कार्य तेवढेंच.

आपल्या माणसांनीं हें कार्य लवकरच हातीं घेतलें. सावेदादा या नांवानें ओळखले जाणारे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनीं १८९९ सालीं मुंबईच्या हँगिंग गार्डन्समध्यें झालेल्या एका कुस्तीचें चित्र घेतलें. १९०१ सालीं रँग्लर परांजपे विलायतेहून परत आले, त्यांच्या स्वागताचेंही त्यांनीं चित्रण केलें. पुढें दादासाहेब फाळके यांनीं १९१०-११ च्या सुमारास मुंबईंत ख्रिस्तचरित्राचा मूकपट पाहिला आणि आपल्याकडील कथा अशाच पडद्यावर कां येऊं नयेत, हा ध्यास घेतला. त्यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजीं गिरगांवांतील कॉरोनेशन चित्रगृहांत प्रसिद्ध झाला, हें तुम्हीं पाठ्यपुस्तकांत वाचलेंच आहे. पण त्याआधीं त्यांनीं एका कुंडींत वाटाण्याचा दाणा पेरून, तो उगवून वाढेपर्यंत दिवसामागून दिवस त्याचीं थोडथोडीं चित्रें घेतलीं होतीं. 'अंकुराची वाढ' ह्या त्या लहानशा चित्रांत देव नाहीं आणि राजाही नाहीं. फार हळू घडणारी गोष्ट दिसावयाची तर पाहणाऱ्यानें एका जागीं टिकून राहिलें पाहिजे, हें त्यांतून शिकावयाचें.

आरंभीचे आपले बहुतेक मूकपट पौराणिक होते. देवादिकांच्या कथा सर्वांस ठाऊक असल्यामुळें त्या शब्दांवांचून समजत. परंतु ज्याची कथा कोणासच ठाऊक नाहीं, अशा साध्या माणसाची गोष्ट शब्दांवांचून सांगतां येईल काय? ह्या प्रश्नास मराठी मुलखांत निर्भीड उत्तर दिलें तें कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांनीं. त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा 'सावकारी पाश' १९२५ सालीं निघाला. कथा नारायण हरि आपटे यांची. तरुण शेतकऱ्याचें काम व्ही. शांताराम यांनीं केलें होतें. सावकार खोट्या कागदानें शेतकऱ्याची जमीन गिळतो, आणि तो शेतकरी गांव सोडून शहरांत येऊन गिरणींतला मजूर होतो, एवढीच ती कहाणी. चित्रपटनिर्माते जे. बी. एच. वाडिया यांनीं पुढें ह्या मूकपटाची आठवण सांगतांना अंधूक उजेडांतील एका उदास झोपडीचा आणि कुत्र्याच्या ओरडण्याचा उल्लेख केला आहे. येथें क्षणभर थांबा. चित्रपट मुका होता. मग कुत्र्याचें ओरडणें वाडियांच्या स्मरणांत राहिलें कसें? चित्र नेमकें असलें कीं प्रेक्षक आवाज आपला आपण घालतो, आणि जें आपण घातलेलें असतें तें आपण सहसा विसरत नाहीं.

ही गोष्ट आपल्या घरापासून दूर नाहीं. ज्या वर्षीं 'सावकारी पाश' निघाला त्याच १९२५ सालीं ठाण्यास रेमंडची लोकरीची गिरणी स्थापन झाली. ह्या पट्ट्यांत पुढें किती तरी कारखाने उभे राहिले. कोंकणांतून, देशावरून, खानदेशांतून जमीन गेलेलीं वा जमीन न पुरणारीं माणसें येथें आलीं, आणि ठाणें, कल्याण, डोंबिवली हीं गांवें हळूहळू शहरें झालीं. वर्गांतील मुलांस आम्ही कधीं कधीं विचारतों कीं, तुमचे आजोबा येथें कां आले? बहुतेकांस नीट सांगतां येत नाहीं. 'सावकारी पाश' हें अनेकांच्या आजोबांचें चरित्र आहे, आणि तें त्यांच्या नातवांस ठाऊक नाहीं.

त्याच सुमारास मुंबईच्या कंपन्यांनीं शहरांतील मध्यम वर्गाकडे लक्ष वळविलें. १९२६ सालीं कोहिनूर कंपनीनें टेलिफोनवर काम करणाऱ्या मुलीच्या जीवनावर एक मूकपट काढला. त्यांतील नायिका सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स, हिनें पूर्वीं टेलिफोनच्या कचेरींत खरोखरीच तें काम केलें होतें. त्याच वर्षीं 'टायपिस्ट गर्ल' निघाला. नोकरी करणारी स्त्री हा त्या वेळीं शहराचाच एक नवा चेहरा होता. पडद्यानें तो लगेच ओळखला. १९२७ सालीं चंदुलाल शहा यांनीं 'गुणसुंदरी'मध्यें दिवसभर कामांत असलेला नवरा आणि घरकामानें दमलेली बायको यांच्यामध्यें पडणारें अंतर दाखविलें. एका छपराखालीं राहणाऱ्या दोन माणसांनीं एकमेकांशीं बोलणें कमी करणें, हा विषय मूकपटास किती अनुरूप आहे तें सांगावयास नको.

परदेशांतही ह्याच वर्षांत शहर हा मूकपटाचा आवडता विषय झाला होता. जर्मनीचा वॉल्टर रुटमन यानें १९२७ सालीं बर्लिन शहराच्या एका दिवसाचें चित्र केलें. त्याच्या आरंभीं पहांटेच्या वेळीं एक आगगाडी शेतें, पूल, तारा मागें टाकीत शहरांत शिरते. पहांटेच्या गाडीनें कसाऱ्याहून कधीं ठाण्यास आलेल्या विद्यार्थ्यास हें चित्र परकें वाटणार नाहीं. रशियाच्या झिगा व्हर्टोव्ह यानें १९२९ सालीं एक शहर जागें होण्यापासूनचें जीवन कथेच्या पाट्यांवांचून दाखविलें. चार्ली चॅप्लिन यानें तर १९३१ सालीं, बोलपट सर्वत्र सुरू झाल्यावरही, 'सिटी लाइट्स' मुद्दाम मुका ठेवला. त्याच वर्षीं १४ मार्च रोजीं मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहांत 'आलम आरा' बोलूं लागला होता, हें ध्यानांत घेतलें म्हणजे चॅप्लिनचें धाडस कळतें. त्याच्या चित्राच्या शेवटीं, पूर्वीं आंधळी असलेली फूलवाली आपल्या उपकारकर्त्यास ओळखते ती डोळ्यांनीं नव्हे. त्याच्या हाताला हात लागतो आणि ती ओळखते.

परंतु आमच्या आजच्या विषयाच्या दृष्टीनें सर्वांत महत्त्वाचा मूकपट आम्ही 'द क्राउड' हा समजतों. 'क्राउड' म्हणजे गर्दी. अमेरिकेंत किंग विडोर यानें तो १९२८ सालीं प्रसिद्ध केला. त्यांत क्यामेरा एका उंच इमारतीवर चढत जातो, खिडकींतून आंत शिरतो, तेथें एकाच प्रकारचीं शेंकडों टेबलें ओळीनें मांडलेलीं दिसतात, आणि त्यांपैकीं एकावर आपला कथानायक आंकडे लिहीत बसलेला असतो. त्याच्या टेबलाचा क्रमांक १३७. आरंभीं हा तरुण मोठ्या उमेदींत असतो. रस्त्यावर अंगावर जाहिरातीचे फलक अडकवून विदूषकाच्या वेषांत फिरणाऱ्या एका माणसाला पाहून तो खदखदून हंसतो. पुढें त्याच्यावर दुःखें कोसळतात, नोकरी जाते, आणि अखेर पोटासाठीं त्यालाही तोच वेष अंगावर घालून रस्त्यावर उभें राहावें लागतें. ज्याला आपण हंसलों त्याच्या जागीं आपण स्वतः उभे, ही गोष्ट विडोरनें उपदेशाच्या पाटीनें सांगितली नाहीं; वेष तोच ठेवून माणूस बदलला, एवढेंच केलें.

हा मूकपट आम्हीं वर्गांत दाखविला होता आणि त्याचें मर्म मोठ्या उत्साहानें समजावून सांगितलें होतें. असें असूनही पुढील प्रकार आमच्याच हातून घडला.

दोन वर्षांमागें दिवाळीच्या सुटींत इयत्ता नववीच्या विद्यार्थ्यांस आम्हीं एक अभ्यास दिला. चार चारांचे गट करून, घरांतील मोबाईलच्या क्यामेऱ्यानें, ठाणें ते कल्याण या टापूंतील शहरी जीवनाचें पांच मिनिटांचें मूकचित्र करावें. पाट्या पांचाहून अधिक नसाव्यात. रेल्वेच्या हद्दींत चित्रण करावयाचें तर परवानगी लागते, म्हणून स्थानकाबाहेरच काम करावें, असेंही बजाविलें होतें. मुलांनीं मोठ्या हौसेनें चित्रें करून आणिलीं. शनिवारीं सभागृहांत तीं सर्वांस दाखविलीं.

त्यांतील एक चित्र कल्याण स्थानकाबाहेरचें होतें. जिन्याच्या वरच्या पायरीवरून तें घेतलेलें होतें. खालीं, जिन्याच्या तोंडाशीं, एक म्हातारी पालेभाजीची पाटी घेऊन बसली आहे. गाडीची वेळ झाली आहे. माणसें धांवत येतात, पाटीशीं अडखळतात, एक जण उडी मारतो, दुसऱ्याची छत्री पडते, तिसरा मागें वळून हातवारे करतो. मुलांनीं वेग वाढविला होता, त्यामुळें सारे चॅप्लिनच्या चित्रांतल्याप्रमाणें तुरुतुरु धांवत होते. मध्येंच पाटी आली: "रस्ता बंद!" सभागृह हंसून हंसून लोटपोट झालें. आम्हीही हंसलों. क्रमाची व गतीची जाण उत्तम, असा शेरा देऊन त्या चित्रास आम्हीं पहिला क्रमांक दिला.

मागच्या बांकावरील एक विद्यार्थी मात्र हंसला नव्हता. हें आम्हांस तेव्हां दिसलें, पण त्याचें कारण विचारण्याचें सुचलें नाहीं. मुलगा अबोल आहे, एवढेंच मनाशीं म्हटलें. त्या अभ्यासांत त्यानें स्वतः कांहींच करून आणलें नव्हतें, म्हणून त्यास दोन शब्द ऐकवलेही होते.

पुढल्या आठवड्यांत तो शाळा सुटल्यावर शिक्षकांच्या खोलीच्या दाराशीं उभा राहिला आणि कोणाचा तरी मोबाईल आमच्यापुढें धरून म्हणाला, "सर, उशीर झाला, तरी पाहाल का?" चित्र तीन मिनिटांचें होतें. पाटी एकही नव्हती.

प्रथम दिसला दिव्याच्या उजेडांत एक खरखरीत हात. तो मेथीच्या जुड्या बांधीत आहे. एक, दोन, दहा, वीस. मग ओल्या गोणपाटानें झांकलेली पाटी. मग अंधारी वाट, आणि वाटेवर पुढें चालणारीं दोन अनवाणी पावलें. मग उजाडलेलें आहे, आणि क्यामेरा जमिनीवर, पाटीच्या कांठाशीं ठेवलेला आहे. तेथून दिसतात ते केवळ पाय. बूट, चपला, सँडल, पुन्हां बूट. शेंकडों पाय समोरून येतात आणि जातात. एक बूट पाटीस लागतो. दोन जुड्या घरंगळतात. तोच खरखरीत हात पुढें होतो, जुड्या उचलतो, माती झटकतो, परत लावून ठेवतो. पुन्हां पाय. बऱ्याच वेळानें एक जोडी पाय थांबतात. एक नोट खालीं येते, एक जुडी वर जाते. मग दुपार, हात जुड्यांवर पाणी शिंपडीत आहे. मग संध्याकाळ, उरलेल्या चार जुड्या. अखेरचें चित्र चुलीवरच्या पातेल्याचें, आणि त्यांत तीच मेथी.

ती म्हातारी त्याची कोण, हें आम्हीं विचारलें नाहीं. त्यानेंही सांगितलें नाहीं. तिची परवानगी घेतली होतीस का, एवढेंच विचारलें. तो म्हणाला, "हो. ती म्हणाली, तोंड नको घेऊंस, हात घे."

आम्ही त्या रात्रीं बराच वेळ अस्वस्थ होतों. 'द क्राउड'मधील तरुण विदूषकाला हंसतो तो प्रसंग आम्हींच शिकविला होता. आणि सभागृहांत तसेंच हंसून, वर गुण देऊन, आम्ही मोकळे झालों होतों. पुढच्या शनिवारीं त्या मुलाच्या संमतीनें, त्याचें नांव न सांगतां, दोन्ही चित्रें लागोपाठ दाखविलीं. पहिल्या चित्राच्या वेळीं पुन्हां थोडें हंसूं झालें. दुसरें संपल्यावर कोणी टाळीही वाजविली नाहीं. मग पहिल्या गटांतील एक विद्यार्थी उभा राहून म्हणाला, "सर, आम्हीं जिन्यावरून घेतलें होतें." त्याला एवढेंच सांगावयाचें होतें, आणि त्यानें नेमकें तेंच सांगितलें. पहिल्या चित्रांतील एकही गोष्ट खोटी नव्हती. वाट अरुंद होती, माणसें अडखळत होतीं. परंतु जिन्यावरून म्हातारी ही एक अडचण दिसत होती, आणि पाटीच्या कांठावरून गर्दी ही तिची रोजची अडचण दिसत होती.

आरंभीं ज्या जबाबदारीविषयीं बोललों होतों ती ही. बोलक्या चित्रांत मनुष्य आपली बाजू स्वतः मांडूं शकतो. मुक्या चित्रांत त्याची बाजू क्यामेऱ्याच्या जागेवर अवलंबून असते. ज्याला वाचा दिलेली नाहीं त्याच्याविषयीं बोलतांना अधिक जपावें लागतें.

ह्यावरून पुढील अभ्यासासाठीं आम्हीं चार नियम ठरविले आहेत, ते येथें देतों.

पहिला: ज्याचें चित्र घ्यावयाचें त्याला आधीं विचारावें. तो नको म्हणाला तर घेऊं नये. तोंड नको म्हणाला तर हात घ्यावे. हातही पुष्कळ सांगतात.

दुसरा: क्यामेरा त्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवर ठेवून पाहावा. बसलेल्याचें चित्र बसून घ्यावें. वरून घेतलेलें चित्र गर्दीचें असूं शकतें, माणसाचें क्वचितच असतें.

तिसरा: एका क्षणावर भागवूं नये. फाळक्यांनीं वाटाण्याच्या एका दाण्यापाशीं किती दिवस काढले तें आठवावें. माणूस आपणांस दिसतो त्याच्या आधीं काय करीत होता आणि नंतर कोठें जातो, हें जाणल्यावांचून त्याची गोष्ट पुरी होत नाहीं.

चवथा: प्रेक्षकानें हंसावें कीं रडावें हें पाटीनें सांगूं नये. पाटी स्थळ, काळ व नांव यांपुरती ठेवावी. जें चित्रांत आलें नाहीं तें पाटीनें येत नाहीं.

कोणी विचारील कीं, मूकपटाचा काळ केव्हांच संपला. आतां हा खटाटोप कशाला? ह्यावर दोन उत्तरें आहेत. एक असें कीं, तो काळ संपला तरी ती रीति संपलेली नाहीं. १९८७ सालीं सिंगीतम् श्रीनिवास राव यांनीं 'पुष्पक' काढला. त्यांत कमल हासन यांनीं शहरांतील एका बेकार तरुणाचें काम केलें, आणि साऱ्या चित्रांत संवाद नाहीं. आवाज मात्र आहेत. गजबजलेल्या वस्तींत राहण्याची संवय झालेल्या त्या तरुणास श्रीमंत हॉटेलाच्या शांततेंत झोंप येत नाहीं. म्हणून तो आपल्या खोलीशेजारचा गोंगाट फितीवर उतरवून आणून लावतो, तेव्हां कोठें त्याचा डोळा लागतो. आमच्या वर्गांत लोहमार्गालगत राहणारीं मुलें आहेत. त्यांस हा विनोद समजावून सांगावा लागला नाहीं.

दुसरें उत्तर अधिक गंभीर आहे. ह्या देशांत सुमारें १३०० मूकपट निघाले असें मानतात. त्यांपैकीं पूर्ण वा अपूर्ण असे तीसएकच उरले आहेत. जुनी नायट्रेटची फीत लवकर कुजते आणि चटकन् पेट घेते. कित्येक फिती चांदीसाठीं वितळविल्या गेल्या. जतनासाठीं पुण्यास राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघालें तें १९६४ सालीं, म्हणजे मूकपटांचा काळ संपून तीस वर्षें होऊन गेल्यावर. आणि २००३ सालीं पुण्यांतील नायट्रेट फितींच्या साठ्यास आग लागून आणखी कांहीं गेलें. १९२५ चा मुका 'सावकारी पाश' आज कोठेंही पाहावयास मिळत नाहीं. बाबूराव पेंटर यांनीं तीच कथा १९३६ सालीं बोलपटांत पुन्हां सांगितली, पण ती झोपडी गेली ती गेलीच. ठाण्याची ती लोकरीची गिरणीही आतां नाहीं. तेथें उंच घरें उभीं राहिलीं आहेत. पाळी सुटल्यावर तिच्या दरवाजांतून बाहेर पडणारे कामगार, ल्युमिएर बंधूंच्या त्या पहिल्या चित्रांतल्यासारखे, हजारों सायंकाळीं ठाणेंकरांनीं पाहिले. त्यांतील एकादी सायंकाळ कोणी जपून ठेवली असती तर तिची किंमत आज आपणांस कळली असती.

तुमच्या हातीं आज जें यंत्र आहे तें सावेदादांस किंवा फाळक्यांस मिळालें असतें तर त्यांनीं काय केलें असतें, याचा विचार करा आणि येत्या सुटींत कामास लागा. विषय दूर शोधावयास नको. पहांटे दुधाच्या पिशव्या वांटणारा मुलगा, डोंबिवलीच्या जिन्याखालीं छत्र्या दुरुस्त करणारा कारागीर, ठाण्याच्या तलावपाळीवर रोज एकाच बांकावर येऊन बसणारे आजोबा, रात्रपाळीस निघालेली परिचारिका. यांपैकीं कोणाही एकाचा एक दिवस पुरे आहे.

चित्र पांच मिनिटांहून मोठें नसावें. पाट्या तीनच ठेवाव्यात. मागील खेपेस पांच सांगितल्या होत्या, त्या अधिक झाल्या. पाट्यांतील शुद्धलेखन तपासून घ्यावें. ज्याचें चित्र घेतलें त्यास तें प्रथम दाखवावें, मग आम्हांस. आणि ज्यास उशीर होईल त्यानें उशिरां आणावें, पण आणावें.